वाटपाचा दावा टाकायला उशीर झालाय का? आपली तारीख आपणच कशी काढायची

वाटपाच्या दाव्याला मुदत किती असं कोर्टाबाहेरच्या टपरीवर विचारा, तीन उत्तरं मिळतील. एक म्हणेल बारा वर्षं, दुसरा म्हणेल तीन, आणि तिसरा छातीठोक सांगेल की वडिलोपार्जितला मुदतच नसते, कधीपण टाका. आणि तिघंही आपापल्या केसपुरते बरोबर असू शकतात, म्हणूनच लोकांचा एवढा घोळ होतो. मुदत वडील वारले त्या दिवसापासून मोजत नाहीत, फेरफारावर भावाचं नाव चढलं त्या दिवसापासूनही शक्यतो मोजत नाहीत. तुमचा हिस्सा कुणी उघडपणे नाकारला आणि तो नाकारलाय हे तुम्हाला कळलं, तिथून मोजतात. म्हणजे वकिलाकडे जाताना "किती वर्षं झाली" हे सांगून उपयोग नाही, "नकार कधी कळला" हे कागदासकट सांगता आलं पाहिजे. खाली जे लिहिलंय ते मुख्यतः महाराष्ट्रातल्या हिंदू कुटुंबांना धरून लिहिलंय. मुस्लिम कुटुंबात एकत्र कुटुंबाची मिळकत ही भानगडच नसते, वारस थेट आपापल्या हिश्शाचे मालक होतात, त्यामुळे त्यांनी खाली आर्टिकल ६५ चा भाग नीट वाचावा. गोव्यात वारसाची वाटणी इन्व्हेंटरी प्रोसिडिंगने होते, तो रस्ताच वेगळा आहे.

आधी मिळकत कुठल्या प्रकारची ते ठरवा

मुदत कायदा म्हणजे १९६३ चा लिमिटेशन अ‍ॅक्ट. त्यात "वाटपाचा दावा" असं नाव घेऊन सरसकट मुदत कुठेच दिलेली नाही. एकत्र कुटुंबाच्या मिळकतीतून ज्याला बाहेर काढलंय त्याच्यासाठी आर्टिकल ११० आहे, बारा वर्षं, आणि ती सुरू होतात बाहेर काढल्याचं वादीला कळल्यापासून. आजोबा-पणजोबांपासून आलेली शेती, कधी वाटप झालेलं नाही, सातबाऱ्यावर थोरल्या काकांच्या नावापुढे "ए.कु.मॅ." (एकत्र कुटुंब मॅनेजर) किंवा "ए.कु.क." (एकत्र कुटुंब कर्ता) असं लिहिलेलं, अशी केस इथे बसते.

पण वडिलांनी स्वतःच्या कमाईतून घेतलेला फ्लॅट किंवा प्लॉट असेल आणि ते मृत्युपत्र न करता गेले असतील तर गोष्ट वेगळी. १९५६ चा हिंदू वारसा कायदा १७ जून १९५६ ला आला, त्याच्या कलम ८ प्रमाणे ही मिळकत आई, मुलगे, मुली यांना समान हिश्शाने जाते आणि प्रत्येकाचा हिस्सा त्याचा स्वतःचा असतो. सुप्रीम कोर्टाने १९८६ मध्ये चंदर सेन केसमध्ये हेच सांगितलं की असं वडिलांकडून आलेलं मुलाच्या हातात त्याचं स्वतःचं असतं, त्याच्या मुलांचा त्यात जन्मतः हक्क नाही. गावाकडे अजून "बापाचं म्हणजे वडिलोपार्जित" असंच समजतात आणि नातू लोक आजोबांच्या फ्लॅटवर दावा ठोकतात, असो. अशा सहहिस्सेदारांमध्ये साधारण आर्टिकल ६५ लागतं. तेही बाराच वर्षं, पण सुरुवात होते समोरच्याचा कब्जा तुमच्याविरुद्ध, म्हणजे प्रतिकूल झाला तिथून. आणि तो प्रतिकूल झाला, कधी झाला, कसा झाला, हे सिद्ध करायची जबाबदारी त्याच्यावर असते. तुम्ही फक्त मालकी दाखवायची.

आता तो तिसरा माणूस, मुदतच नाही म्हणणारा. त्याचं म्हणणं असं की जोपर्यंत मिळकत सामायिक आहे आणि कुणी कुणाला नाही म्हटलेलं नाही तोपर्यंत वाटप मागायचा हक्क रोज नवा जिवंत असतो. हे खरं आहे. एका सहहिस्सेदाराचा कब्जा हा कायद्याने सगळ्यांच्या वतीने असतो, भाऊ एकटा चाळीस वर्षं कसतोय तरी तो तुमच्यासाठीही कसतोय असं कायदा धरून चालतो. १९५७ मध्ये पी. लक्ष्मी रेड्डी केसमध्ये सुप्रीम कोर्टाने सांगून ठेवलंय की सहमालकाने दुसऱ्या सहमालकाविरुद्ध प्रतिकूल कब्जा म्हणायचं असेल तर नुसतं एकट्याने वापरणं, उत्पन्न खाणं पुरत नाही, दुसऱ्याचा हक्क उघडपणे नाकारून त्याला बाहेर काढलेलं दाखवावं लागतं.

घड्याळ सुरू कशाने होतं आणि कशाने नाही

इथे जास्त वेळ घालवा, कारण सगळी केस यावर उभी राहते किंवा पडते.

तुम्ही मुंबईला किंवा पुण्याला नोकरीला, भाऊ गावाकडे शेती बघतो, दहा वर्षं त्याने एक पोतं ज्वारी पाठवली नाही. याने घड्याळ सुरू होत नाही. फेरफाराला फक्त भावांची नावं लागली आणि बहिणींची राहिली, एवढ्यानेही साधारण होत नाही, कारण फेरफार आणि सातबारा हा महसूल गोळा करण्यासाठीचा कागद आहे, त्याने मालकी मिळतही नाही आणि जातही नाही. बहिणींची नावं "इतर हक्कात" घातली असतील तर उलट तुमच्या फायद्याचंच आहे, तुमचा हक्क मान्य होता असं म्हणता येतं. तेच "ए.कु.मॅ." नोंदीचं, मॅनेजर म्हणून नाव लावून घेतलंय म्हणजे तो बाकीच्यांच्या वतीने धरून बसलाय हे त्याने स्वतःच कबूल केलंय. जुने हस्तलिखित सातबारे त्यासाठी काढायचे, नुसता आजचा ऑनलाइन डिजिटल सही सातबारा काढून बसू नका, त्यात ही जुनी अक्षरं बऱ्याच वेळा दिसत नाहीत.

आता उलट बाजू. तलाठ्याने वारस नोंदीची नोटीस काढली, तुम्ही हरकत घेतली, भावाने सर्कलसमोर, म्हणजे मंडळ अधिकाऱ्यासमोर, लेखी म्हणणं दिलं की "बहिणीचा काही हक्क नाही, तिला लग्नात दिलंय", आणि त्या सुनावणीला तुम्ही हजर होतात. झालं, घड्याळ सुरू. तुमची सही हजेरीच्या कागदावर आहे म्हणजे कळलं नव्हतं असं म्हणायला जागा नाही. तसंच तुम्ही वकिलामार्फत नोटीस पाठवली आणि तिला उत्तर आलं की मिळकत आमच्या एकट्याची आहे, त्या उत्तराच्या तारखेपासूनही घड्याळ सुरू. लोक काय करतात, २००९ ला नोटीस देतात, उत्तर येतं, मग "बघू, आईच्या जिवात जीव आहे तोवर नको" म्हणून फाईल कपाटात टाकतात आणि २०२५ ला परत उघडतात. नोटीस दिल्याने मुदत थांबत नाही, वाढत तर मुळीच नाही, आणि अशा वेळी आपणच दिलेली नोटीस समोरच्या वकिलाच्या हातातला सगळ्यात भारी कागद होतो.

घराला कुलूप लावून तुम्हाला आत न येऊ देणं, पोलिसात तक्रार होऊन जबाबात "याचा संबंध नाही" असं लिहिलं जाणं, आधीच्या एखाद्या मनाई हुकमाच्या दाव्यातल्या कैफियतीत (प्रतिवादीच्या लेखी उत्तरात) नकार असणं, हे सगळे प्रसंग तारखेसकट एका कागदावर लिहून काढा. स्वतःशी प्रामाणिक राहून लिहा, कारण समोरचा हे सगळं शोधून काढणारच आहे, आणि उलटतपासात पहिल्यांदा कळण्यापेक्षा आज कळलेलं बरं. या यादीतली सगळ्यात जुनी अशी तारीख, ज्या दिवशी नकार उघड होता आणि तुम्हाला माहिती होता, ती धरा आणि त्यात बारा मिळवा. तो तुमचा शेवटचा दिवस समजून चाला. वकील नंतर सांगेल की ती तारीख पकडता येत नाही, पुढची पकडता येते, पण हिशोब कडक बाजूनेच करायचा.

याच्या अगदी उलट प्रकारचे कागदही गोळा करा, म्हणजे ज्यात समोरच्याने तुमचा हिस्सा मानलाय. विहिरीच्या किंवा पीककर्जाच्या वेळी सगळ्यांच्या सह्या घेतल्या होत्या, भूसंपादनाचा मोबदला सगळ्यांना वाटून आला होता, घरपट्टी तुम्ही भरली होती, भाऊ व्हॉट्सअ‍ॅपवर म्हणाला होता की "ताई तुझा हिस्सा कुठे जात नाही, पोराचं लग्न होऊ दे मग बसू". असा मेसेज डिलीट करू नका, मोबाईल बदलताना चॅटचा बॅकअप घ्या. नकारच नव्हता हे दाखवायला याचा उपयोग होतो. आणि मुदत कायद्याच्या कलम १८ प्रमाणे, मुदत संपायच्या आत समोरच्याने सही करून लेखी कबुली दिली असेल तर त्या सहीच्या तारखेपासून मुदत नव्याने मोजतात. मुदत संपल्यावर घेतलेल्या कबुलीचा मात्र या कलमाखाली उपयोग नाही.

तुमची सही मधे कुठे आहे का

तीन वर्षं म्हणणारा माणूस इथे बरोबर ठरतो. हक्कसोडपत्र, बक्षीसपत्र, वाटणीपत्र, खरेदीखत, यातल्या कुठल्याही दस्तावर तुमची सही असेल तर नुसतं "मला वाटप द्या" म्हणून चालत नाही, आधी तो दस्त बाजूला सारावा लागतो, आणि दस्त रद्द करून मागायला आर्टिकल ५९ प्रमाणे तीनच वर्षं आहेत, ज्या गोष्टींमुळे तो रद्द करता येतो त्या तुम्हाला कळल्यापासून. हे माहीत नसल्याने बहिणींच्या केसेस जातात. वाटपाला बारा वर्षं आहेत म्हणून निवांत बसतात, आणि मधल्या हक्कसोडाची तीन वर्षं कधीच उलटून गेलेली असतात.

कसली सही आहे हे न कळता सही घेतली असेल, म्हणजे वारस नोंदीचा फॉर्म आहे सांगून हक्कसोडावर अंगठा घेतला, तर कायदा असा फरक करतो: दस्ताचं स्वरूपच फसवून दडवलं असेल तर तो मुळातच शून्य, आणि दस्त कसला हे माहीत होतं पण आतल्या मजकुराबाबत फसवलं असेल तर तो रद्द होईपर्यंत चालू राहतो. पहिल्या प्रकारात रद्द करून घ्यायची गरज नाही असं म्हणता येतं. पण म्हणता येतं यावर विसंबून राहू नका, कळल्यापासून तीन वर्षांच्या आत दावा टाका आणि त्यात दस्त बंधनकारक नाही अशी मागणीही घाला. फसवणुकीने लपवून ठेवलं असेल तर कलम १७ प्रमाणे फसवणूक उघडकीला आली, किंवा जरा चौकशी केली असती तर आली असती, तिथून मुदत सुरू होते. त्या "चौकशी केली असती तर" मध्ये पुष्कळ जण अडकतात, कारण दस्त रजिस्टर असतो, नोंद सातबाऱ्यावर असते, आणि समोरचा म्हणतो की पंधरा वर्षं एकदाही सातबारा बघितला नाही का? म्हणून दस्ताची नक्कल तुम्ही कधी काढली, इंडेक्स टू (दस्त नोंदणीचा सारांश उतारा) कधी मिळाली, त्याची पावती सांभाळा, तुम्हाला कधी कळलं ते त्या तारखेवरून दाखवता येतं.

आणि तुमची सहीच नसेल, भावाने परस्पर अख्खी जमीन विकली असेल तर? तो स्वतःच्या हिश्शापेक्षा जास्त विकू शकत नाही, तुम्ही त्या खरेदीखतात पार्टी नाही, त्यामुळे तुम्हाला ते रद्द करून घ्यायची गरज नसते. वाटप मागायचं आणि ते खरेदीखत माझ्या हिश्शापुरतं बंधनकारक नाही असं जाहीर करून मागायचं. मात्र घेणाऱ्याला पार्टी केलंच पाहिजे. आणि हेही बघा, तो बाहेरचा माणूस तिथे उघड मालक म्हणून येऊन बसला, कंपाउंड घातलं, म्हणजे तुमच्याविरुद्ध कब्जा सुरू झाला, तिथे भावाच्या बाबतीत मिळते तेवढी ढिलाई मिळत नाही. तिथून बारा वर्षं मोजायची. वडिलांनीच एकत्र कुटुंबाची जमीन विकली असेल आणि मुलाला ते खरेदीखत उडवायचं असेल तर आर्टिकल १०९, तेही बारा वर्षं, घेणाऱ्याने ताबा घेतल्यापासून.

तुम्ही अज्ञान, म्हणजे अठरा वर्षांखालचे असताना पालक म्हणून आईने किंवा काकांनी तुमच्या वतीने सही करून विकलं असेल तर आर्टिकल ६०, सज्ञान झाल्यापासून तीन वर्षं. म्हणजे अठरा पूर्ण झाल्यावर एकवीस पूर्ण होईपर्यंत. कॉलेजातल्या पोराला हे कोण सांगणार, पण कायदा असाच आहे.

मुलींच्या हिश्शाबद्दल, कारण सगळ्यात जास्त प्रश्न तिथलेच

हिंदू वारसा कायद्यातली २००५ ची दुरुस्ती ९ सप्टेंबर २००५ पासून लागू झाली, मुलगी जन्मतःच मुलाइतकी हिस्सेदार. महाराष्ट्राने त्याआधी १९९४ मध्येच आपली दुरुस्ती केली होती, २२ जून १९९४ पासून, पण त्यात तोपर्यंत लग्न झालेल्या मुली बाहेर होत्या, त्यामुळे अजूनही काही लोक "तुझं लग्न ९४ च्या आधीचं, तुला काही नाही" असं ऐकवतात. २००५ नंतर तो मुद्दा राहिला नाही. ११ ऑगस्ट २०२० च्या विनीता शर्मा निकालात सुप्रीम कोर्टाने हेही मिटवलं की ९ सप्टेंबर २००५ ला वडील हयात असायलाच पाहिजेत असं नाही. फक्त २० डिसेंबर २००४ च्या आधी रजिस्टर वाटणीपत्राने किंवा कोर्टाच्या हुकूमनाम्याने वाटप झालेलं असेल, किंवा मिळकत विकून झालेली असेल, तर ते उकरून काढता येत नाही. "तोंडी वाटप झालं होतं" हा भावांचा आवडता बचाव, तो कोर्टाने साधारणपणे मानायचा नाही असं सांगितलंय, अपवाद फक्त त्याला सरकारी कागदांचा भक्कम आधार असेल तर.

काही वकील असं म्हणतात की हक्क २००५ ला मिळाला म्हणून बारा वर्षं २०१७ ला संपली. घाबरून जाऊ नका. आर्टिकल ११० ची मुदत कायदा आला त्या तारखेपासून नाही, तुम्हाला बाहेर काढल्याचं कळल्यापासून मोजायची आहे. पण विनीता शर्मा निकालाने मुदत नव्याने सुरू झाली असंही नाही, २००७ ला भावाने लेखी नकार दिला असेल तर २०२० च्या निकालाने तो पुसला जात नाही. हे ऐकायला कुणालाच आवडत नाही.

उशीर माफ होतो का

दाव्याला नाही. लोकांना वाटतं की आजारपण होतं, बाळंतपण होतं, अर्ज दिला की कोर्ट उशीर माफ करतं. ते कलम ५ आहे आणि ते अपील आणि अर्जांसाठी आहे, दाव्यांसाठी नाही. दावा मुदतीबाहेर असेल तर समोरच्याने मुद्दा काढला नाही तरी कलम ३ प्रमाणे कोर्टाने स्वतःहून तो फेटाळायचा असतो. आणि जमिनीच्या कब्ज्याची मुदत गेली की कलम २७ प्रमाणे हक्कच संपतो, उसन्या पैशासारखं नाही की वसुलीचा दावा गेला तरी देणं राहतं.

माफी नसली तरी काही दिवस मोजणीतून वगळता येतात. शेवटचा दिवस सुट्टीचा आला तर कोर्ट उघडेल त्या दिवशी टाकता येतो. चुकीच्या कोर्टात प्रामाणिकपणे लढण्यात गेलेला वेळ कलम १४ खाली वजा करून मागता येतो, पण त्या कोर्टाला अधिकार नव्हता म्हणून प्रकरण गेलं असं दाखवावं लागतं. तहसीलदाराकडे फेरफारावरून पाच वर्षं भांडलो ती वजा करा, असं म्हणणाऱ्यांना सहसा यश येत नाही कारण फेरफाराचं भांडण आणि वाटपाचा दावा या एकच गोष्टी नाहीत. कोविडच्या काळातले १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हे दिवस सुप्रीम कोर्टाच्या हुकमाने मोजणीतून वगळायचे आहेत, त्यामुळे तुमची बारा वर्षं त्या काळात किंवा त्यानंतर संपत असतील तर कागद फेकून देण्याआधी हा हिशोब वकिलाकडून परत करून घ्या. सुमारे दोन वर्षांचा फरक आहे, थोडाथोडका नाही.

अज्ञान मुलांना सवलत आहे पण लोकांना वाटते तेवढी नाही. घड्याळ सुरू होताना मूल चार वर्षांचं होतं तर बारा वर्षं सोळाव्या वर्षी संपतात, पण सज्ञान झाल्यापासून तीन वर्षं मिळतात म्हणून एकविसाव्या वर्षापर्यंत चालतं. मूल दहा वर्षांचं असेल तर बारा वर्षं बाविसाव्या वर्षी संपतात, तीच धरायची, त्यावर आणखी तीन मिळत नाहीत.

परदेशात असलेल्यांसाठी एक उलटा नियम. तुम्ही अमेरिकेत आहात म्हणून तुम्हाला वादी म्हणून एक दिवसही जास्त मिळत नाही. पण कलम १५ प्रमाणे प्रतिवादी भारताबाहेर असेल तर तो जितका काळ बाहेर होता तो वगळतात. म्हणजे भाऊ दुबईत आणि तुम्ही साताऱ्यात, तर फायदा तुमचा. तुम्ही न्यू जर्सीत आणि भाऊ साताऱ्यात, तर विसरा, कुणाला तरी कुलमुखत्यारपत्र द्या आणि दावा टाका.

प्रत्यक्ष टाकताना

शेवटच्या महिन्यात धावपळ नको म्हणून सहा महिने आधी कामाला लागा. वंशावळ, मृत्यूचे दाखले, सगळ्या गटांचे सातबारे आणि आठ अ, जुने फेरफार, गावठाणातल्या घराचा आठचा उतारा किंवा शहरात प्रॉपर्टी कार्ड, आणि सब-रजिस्ट्रारकडचा शोध. फेरफार एकेका नंबराने मागे मागे जात काढायचे, कंटाळवाणं काम आहे पण कुणाचं नाव कधी आणि कशाच्या जोरावर आलं ते तिथेच सापडतं.

दाव्यात सगळे हिस्सेदार आणि सगळ्या मिळकती आल्या पाहिजेत. मयत बहिणीची मुलं, सावत्र आईची मुलं, मिळकत विकत घेणारा, सगळे. कारण मुदतीच्या दृष्टीने कलम २१ आहे, एखाद्याला नंतर पार्टी केलं तर त्याच्यापुरता दावा त्याला जोडलं त्या दिवशी टाकला असं धरतात, प्रामाणिक चुकीने राहिला असं कोर्टाला पटवलं तरच मागची तारीख मिळते. आणि हा दावा काढून परत नवीन टाकू असं म्हणत असाल तर कोर्टाने परवानगी दिली तरी मुदत पहिला दावा टाकलाच नव्हता असं समजून मोजतात.

"दाव्यास कारण कधी घडले" हा वादपत्रातला परिच्छेद वकिलाने जुन्या फॉर्मवरून उचलून लिहू देऊ नका. "गेल्या आठवड्यात वाटप मागितलं, नकार दिला" असं प्रत्येक दाव्यात छापल्यासारखं असतं आणि समोरचा २००९ चा कागद काढून ऑर्डर ७ रूल ११ चा अर्ज देतो, दावा मुदतबाह्य म्हणून सुरुवातीलाच फेकून द्या म्हणून. वाटपाच्या दाव्यात कधी कळलं हा पुराव्याचा प्रश्न असतो म्हणून असे अर्ज बरेचदा नामंजूर होतात, पण जुना नकार तुमच्या स्वतःच्या कागदात दिसत असेल तर वाचणं अवघड. जुना नकार असेल तर तो लपवू नका, तो का लागू होत नाही ते लिहा, उदाहरणार्थ नंतर २०१२ ला भावाने सही करून हिस्सा मान्य केला.

तहसीलदाराकडे महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम ८५ खाली वाटप मागायचा स्वस्त रस्ता आहे, पण तो सगळे राजी असतील तर. मालकीबद्दल कुणी प्रश्न काढला की तहसीलदाराला थांबावं लागतं, दिवाणी कोर्टाचा निकाल येईपर्यंत. तिथे वर्षं घालवू नका. कोर्ट फी तुमच्या हिश्शाच्या किमतीवर बसते. बायकांना मालमत्तेच्या वादात कोर्ट फी माफीची महाराष्ट्र सरकारची १ ऑक्टोबर १९९४ ची अधिसूचना आहे, ती आपल्या दाव्याला लागू करून घेता येते का हे वकिलाला आधीच विचारा. दावा नोंदला की लगेच सब-रजिस्ट्रारकडे लिस पेंडन्सची, म्हणजे मिळकतीवर दावा चालू असल्याची नोटीस रजिस्टर करा, नाहीतर दावा मुदतीत आणि जमीन तिसऱ्याच्या नावावर, असं होऊन बसतं.

निकालानंतरच्या मुदती वेगळ्या. आधी प्राथमिक हुकूमनामा होतो, कुणाचा किती हिस्सा ते ठरतं. त्याच्यावर नाराज असाल तर तेव्हाच अपील करायचं, जिल्हा कोर्टात तीस दिवस, अंतिम हुकूमनाम्याची वाट बघितली तर हिश्शाचा मुद्दा परत काढता येत नाही. अंतिम हुकूमनामा मागायला मुदत नाही, शुभकरण बुबना केसमध्ये २००९ ला सुप्रीम कोर्टाने सांगितलंय की तो त्याच चालू दाव्याचा पुढचा टप्पा आहे, त्यामुळे वीस वर्षांपूर्वीचा प्राथमिक हुकूमनामा घरात पडून असेल तर तो अजून चालतो, काढा बाहेर. शेतजमीन असेल तर प्रत्यक्ष तुकडे पाडायला प्रकरण कलेक्टरकडे जातं आणि मोजणी भूमी अभिलेखवाले करतात. पण अंतिम हुकूमनामा झाला की ताब्याची दरखास्त (हुकूमनाम्याची अंमलबजावणी मागायचा अर्ज) टाकायला बारा वर्षं, आणि ती अंतिम हुकूमनाम्याच्या तारखेपासून मोजतात, तो स्टॅम्प पेपरवर कधी उतरवला त्या तारखेपासून नाही, २००५ च्या चिरंजीलाल केसमध्ये हे ठरलंय. स्टॅम्पचे पैसे कुणी भरायचे यावरून भावाभावांचं एकमत होईना म्हणून तो कागद तसाच ठेवलेला असेल तर आधी त्यावरची तारीख बघा आणि बारा वर्षं कधी भरतात ते आजच मोजा.